भंडाऱ्यातला माऊस

१

बीड बायपासवरच्या एका मंगल कार्यालयात गेल्या उन्हाळ्यात नवरदेवाची घोडी उधळून थेट पंगतीत घुसली आणि मठ्ठ्याचं पातेलं तिनं एका दमात रिकामं केलं. हे मी पाहिलेलं नाही. पण पाहणाऱ्यांपेक्षा चांगलं सांगतो. त्याच कार्यालयात, त्याच व्यासपीठावर, दसऱ्यानंतरच्या रविवारी दुपारी एक पोरगा मेला. म्हणजे पोरगा धडधाकट आहे, आजही भावसिंगपुऱ्यात राहतो. मेलं ते त्याचं नाव. आणि नावाला जाळता येत नाही, पुरता येत नाही, ते तसंच दारात पडून राहतं.

झालं असं. गोळ्या झाडायच्या त्या ऑनलाइन खेळाची अंतिम फेरी होती. नवरा-नवरी बसतात तिथं संगणक मांडलेले, मागं मोठा पडदा, समोर हजारभर पोरं खुर्च्यांवर उभी. आपल्या शहराचा चौघांचा संघ जिंकत आलेला. त्यात सम्यक दाभाडे नावाचा सडपातळ मुलगा, ज्याचं नाव त्या दिवसापर्यंत कुणी घेतलं नव्हतं, तो त्या दिवशी एकामागून एक डोकी उडवत होता. सगळं कार्यालय “सम्यक, सम्यक” करत होतं.

अन् पडदा लाल झाला. त्यावर अक्षरं आली: खेळाडू अपात्र. बंदी कायमची.

पंच हातमोजे घालून आले. सम्यकच्या हाताखालचा माऊस त्यांनी वायरीला धरून उचलला, खेकडा उचलावा तसा. तिथंच उघडला. आत मसुराच्या डाळीएवढी एक चिप होती, जी त्या माऊसात असायला नको होती. पोरं त्या करामतीला एमबॉट म्हणतात. चिपमधलं सॉफ्टवेअर गुपचूप संगणकात उतरतं, पडद्यावर शत्रू दिसला की तुमची बंदूक आपोआप त्याच्या कपाळाकडं ओढून नेतं. तुम्ही फक्त बटण दाबायचं.

मघाशी “सम्यक, सम्यक” करणारं कार्यालय आता “चोर, चोर” करत होतं. चाल तीच होती.

२

मधुसूदन कायगावकर हा माझा मित्र. तीस वर्षं परीक्षा मंडळाच्या भरारी पथकात होता. कॉपी पकडण्यात मराठवाड्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. अजिंठ्याच्या केंद्रावर खिडकीत पोपट येऊन बसायचा आणि बेडकाच्या पचनसंस्थेचे भाग क्रमानं म्हणायचा, त्या पोपटाला यानंच पकडलं. गंगापूरच्या केंद्रावर पोरं उसाची कांडी चोखत पेपर लिहायची. यानं एक कांडं मोडलं तर आत पायथागोरस. लोक म्हणतात मी वाढवून सांगतो. पोपटाचं खरं आहे.

त्याच्या समर्थनगरच्या घरी आम्ही चहा घेत होतो तेव्हा एक बाई आल्या. पांढऱ्या साडीवर स्वेटर, दवाखान्यातून थेट आलेल्या परिचारिका. मागं मान खाली घातलेला मुलगा.

“जय भीम, सर. ओळखलं नाही ना मला?”

“नाही बुवा.”

“मी रत्नमाला. बारावीला गंगापूरच्या केंद्रावर होते. तुमच्या पथकातल्या बाईंनी भर वर्गात माझी झडती घेतली होती.”

मधुसूदन सावरून बसला. असली ओळख सांगणारे त्याच्याकडं सहसा दगड घेऊन येतात.

“काही सापडलं होतं का?”

“काही नाही. पेपर सुटल्यावर तुम्ही परत आलात, सगळ्यांसमोर म्हणालात, पोरी, चुकलं आमचं. असं म्हणणारा साहेब मी त्यानंतर बघितला नाही. म्हणून आले.” त्यांनी मुलाला पुढं केलं. “हा सम्यक. यानं चोरी केलेली नाही. बंगळूरचा एक संघ याला घेणार होता, पगारावर. आता ते फोन उचलत नाहीत. कॉलेजात पोरं याला बघून माऊस हलवल्यासारखा हात करतात. अपील करायला आठवडा दिलाय. त्यानंतर हे नाव जन्मात कुठल्या स्पर्धेत लागायचं नाही.”

मधुसूदननं मुलाकडं पाहिलं. “खेळताना काय झालं?”

“नेम लागत होता, सर.”

“रोज लागतो?”

“नाही. माझं काम धुराचे गोळे टाकायचं. बाकीच्यांना आडोसा करून द्यायचा. गोळ्या मी कमीच मारतो.”

“आणि त्या दिवशी?”

“त्या दिवशी लागत होता.”

“मेहनत केली होती त्यानं,” आई मध्येच म्हणाली. “बोटं सुजेपर्यंत.”

आयोजकांनी बंदीच्या मेलबरोबर पुरावा म्हणून उघडलेल्या माऊसचा फोटो पाठवला होता. मधुसूदननं तो मोबाइलवर मोठा केला, मग चष्मा कपाळावर चढवून डोळा पडद्याला टेकवला. चिपकडं त्यानं ढुंकूनही पाहिलं नाही. माऊसच्या मधोमध एक चाक असतं ना बोटानं फिरवायचं, त्याच्या खाचेत तो बघत राहिला.

“रत्नमालाबाई, खंडेनवमीला तुमच्याकडं हत्यारं पुजतात?”

“आमच्याकडं?” बाई चमकल्या. “आमच्याकडं पूजा नसते, सर. बुद्धवंदना असते. दसऱ्याला आम्ही बुद्धलेणीवर होतो.”

“याच्या माऊसला कुणी हळद लावली होती?”

“कुणी लावेल?”

मधुसूदननं मोबाइल माझ्यासमोर धरला. खाचेत पिवळी पूड बसली होती, रव्याएवढी.

“मग हा माऊस तुमच्या पोराचा नाही,” तो म्हणाला.

३

शहागंजात सुकामेव्याच्या एका दुकानावर राजकुमारचा गेमिंग क्लब आहे. जिना इतका अरुंद की जाड माणूस मध्येच अडकून परततो आणि खालच्या पिस्त्यांवर राग काढतो. संघ याच क्लबचा. राजकुमारनं आम्हाला बघताच खुर्च्या पुसल्या.

“पूजा? केली ना राव! खंडेनवमी म्हटल्यावर हत्यार पुजायलाच पायजे. आज्जा कात्री पुजायचा, बाप ट्रकचं स्टेअरिंग, आपण माऊस. पाटावर मांडले, नारळ फोडला. कुंकू आणायचं इसरलो नेमकं. मग आपल्या बायपासपल्याडच्या साताऱ्याच्या खंडोबाचा भंडारा व्हता गल्ल्यात, त्योच उधळला. येळकोट येळकोट! समदं पिवळंधमक. हिमानी लई वरडली माझ्यावर, म्हणे दादा, मशीन हाय की नवरी?”

“कुंकू अजिबात नव्हतं?”

“चिमूटभर पण नाय.”

“सम्यकचा माऊस?”

“त्यानं खिशात टाकला. म्हणला, दादा, माझ्याकडं नसतं हे. म्या म्हटलं, ऱ्हाऊ दे. पेढे मात्र खाल्ले पठ्ठ्यानं.” राजकुमार हसला, मग हसू आवरलं. “बाकीचे तिघांचे कपाटातून काढून म्याच मांडले. संध्याकाळी फडक्यानं पुसून परत ठिवले.”

चारही माऊस एका जातीचे, एका रंगाचे. प्रायोजकानं एकाच खोक्यातून दिलेले. त्यांच्या पोटावर नंबर होते, पण कुणाचा कुठला हे कुणाला ठाऊक नाही. आपल्याकडं नाव घालायची पद्धत लग्नातल्या भांड्यांपुरती.

“स्पर्धेच्या दिवशी माऊस कुणाच्या हातात होते?” मधुसूदननं विचारलं.

“दारावर चारी माऊस एका ट्रेमध्ये ठिवून घेतले. पंचांनी वरवर बघितले, शिक्का मारला, ट्रे पोरांच्या टेबलावर दिला. मोबाइल काढून घेतले. त्याच्यानंतर आत काय न्यायचं नाय, भाईर काय आणायचं नाय. मला बी भाईरच थांबवलं, बघा.”

जिना उतरताना मधुसूदन म्हणाला, “आत चार माऊस गेले आणि चार हात. ज्याच्या माऊसात पाप होतं, त्यानं ते ट्रेमधून उचलून सम्यकच्या पुढ्यात ठेवलं आणि सम्यकचा कोरा माऊस स्वतः घेतला. म्हणजे तिघांपैकी एक.”

“पण का? सम्यकशी वैर?”

“ते कळलं तर कोण ते कळेल. किंवा उलट.”

४

तिघांना आम्ही वेगवेगळं गाठलं.

मंदार टीव्ही सेंटरजवळच्या एका रसवंतीत भेटला. बोलका मुलगा. आम्ही बसायच्या आत त्यानं सगळ्यांची आकडेवारी मोबाइलवर काढून ठेवली होती.

“काका, हे बघा. सम्यकचा आलेख बघा. सपाट, सपाट, सपाट आणि एकदम कुतुबमिनार! असं माणसाचं होतं का?”

“आणि तुमचा तो बंदूकबाज, विश्वजित?”

“त्याचं उलटं. त्या दिवशी भाई भिंतीलाच गोळ्या मारत होता. ताप होता म्हणे.” मंदारनं रसात बर्फ ढवळला. “खरं सांगू? मला सम्यकचं आधीपासून वाटायचं.”

“काय वाटायचं?”

“असंच. एवढ्या लवकर वर कसा आला.”

“तू किती दिवसांत आलास?”

मंदार सम्यकच्या जेमतेम महिनाभर आधी क्लबात आला होता. पण तो हिशेब त्यानं कधी केला नव्हता, आणि आमच्यासमोरही केला नाही. “ते वेगळं, काका,” एवढंच म्हणाला.

हिमानी संघाची कर्णधार. निराला बाजारातल्या तिच्या घरी ती आमच्याशी दारातच बोलली. तिला देशाच्या सराव शिबिराचं बोलावणं आलं होतं. खिशात सॅनिटायझरची बाटली. बोलता बोलता तिनं दाराची कडी पुसली.

“पुन्हा पुन्हा हा विषय नको, काका. शिबिरवाले आधीच प्रश्न विचारतायत. सम्यकनं केलं असेल तर त्यानं भोगावं. नसेल केलं तर…” ती थांबली. “तर माझ्या संघातल्या दुसऱ्या कुणीतरी केलंय. यातलं मला काय हवं असेल असं वाटतं तुम्हाला?”

“खरं काय ते?”

“खरं परवडायला पण लागतं ना.”

विश्वजित सगळ्यांत नम्र. आम्हाला बघताच पाया पडला, औरंगपुऱ्यातल्या हॉटेलात चहा पाजला, बिलाला हात लावू दिला नाही. क्लबच्या भिंतीवर त्याचाच फोटो मोठा. लहान पोरं त्याच्यासारखे केस कापतात.

“सम्यकचं लई वाईट वाटतं, काका. मी त्याच्या शेजारीच बसलो होतो. आपला ताप चढलेला, समोरचं दिसत नव्हतं.”

“खंडेनवमीला ताप नव्हता ना? पूजेला होतास?”

“नाही हो. गंगापूरला मामाकडं होतो, नव्या ट्रॅक्टरच्या पूजेला. परत यायला जीपच मिळाली नाही. पूजेचं मला दुसऱ्या दिवशी कळलं.”

घरी आल्यावर मधुसूदननं तिघांनाही फोनवर एकच निरोप दिला, शब्दाला शब्द: “सापडलेल्या माऊसवर पूजेच्या खुणा आहेत. तुमच्याही माऊसवर असतील तर तुम्ही सुटलात. उद्या दुपारी माऊस घेऊन घरी या.”

मी कपाळावर हात मारला. “अरे, चोराला आधी सांगून कुणी बोलावतं का?”

“मी तीस वर्षं हेच केलं,” तो म्हणाला. “परीक्षेआधी भोंग्यावरून ओरडायचो, डाव्या मोज्याची झडती होणार आहे. मग उजवे मोजे बघायचो.”

५

दुपारी मधुसूदनच्या बैठकीत गर्दी झाली. रत्नमालाबाई आणि सम्यक खिडकीशी, राजकुमार दाराशी, तिघं खेळाडू सतरंजीवर. मध्ये पितळी ताम्हन. त्यात तीन माऊस.

मधुसूदननं पहिला उचलला, मंदारचा. भिंगातून पाहिलं. चाकाच्या खाचेत पिवळं. “हा पूजेतला.”

मंदारनं सम्यककडं न बघता सुस्कारा सोडला.

दुसरा विश्वजितचा. खाचेत लाल कण. “यालाही काहीतरी लागलंय.”

तिसरा हिमानीचा. मधुसूदननं तो उलटा केला, सुलटा केला, उजेडाला धरला. आरशासारखा लख्ख. एक कण नाही.

राजकुमार हळूच म्हणाला, “हिमानी… पोरी?”

हिमानीचा चेहरा पांढरा पडला. “मी रोज पुसते. सगळंच पुसते मी. दादा, तुम्हाला माहितीय ना!”

“सुई आहे का घरात?” मधुसूदन माझ्याकडं वळला.

मी शिवणाच्या डब्यातली सुई आणून दिली. हिमानीच्या माऊसच्या दोन बटणांमधल्या फटीत त्यानं ती खोल घातली आणि पांढऱ्या कागदावर झटकली. कागदावर पिवळा ठिपका पडला.

“वरून कितीही धुवा, भंडारा फटीत जातो तो जातोच. देवळाच्या पायऱ्या बघा जेजुरीपासून साताऱ्यापर्यंत. हिमानी, तुझा माऊस पूजेतला आहे.” मग त्यानं तीच सुई पुसून विश्वजितच्या माऊसच्या फटीत घातली. झटकली. पुन्हा घातली, पुन्हा झटकली. कागद कोरा.

“राजकुमार, खंडेनवमीला कुंकू होतं?”

“नाय म्हणून सांगितलं ना, साहेब. चिमूटभर बी नाय.”

“मग याला लाल कुठून लागलं?”

विश्वजित सतरंजीचा एक दोरा ओढू लागला.

“पूजा झाली, हे तू ऐकलंस. पण तू तिथं नव्हतास. पूजा म्हटली की कुंकू असणारच, असं धरून काल रात्री तू घरच्या करंड्यातून चिमूटभर आणलंस. मंदार पूजेला होता, हिमानी होती. खोटी खूण करायची वेळ आली असती तर त्यांनी पिवळी केली असती.” मधुसूदन थकल्यासारखा बोलत होता, शिक्षक शेवटच्या तासाला बोलतो तसा. “चार माऊस. त्यातले तीन भंडाऱ्यात न्हाले. मंदारचा एक, हिमानीचा एक, आणि आयोजकांच्या कपाटात जप्त पडलाय तो तिसरा. ज्याला भंडारा कधी लागलाच नाही असा माऊस एकच, जो सम्यकनं खिशात घातला. तो हा. आज तुझ्या नावावर आलाय.”

सम्यकनं पहिल्यांदा मान वर केली. “विशूभैया?”

६

विश्वजितनं नाकारलं असतं तर बरं झालं असतं. निदान भांडायला कुणी मिळालं असतं. तो सतरंजीचे दोरे उपसत बोलला, कुणाकडं न बघता.

दीड वर्षापूर्वी त्याचा हात खराच चांगला होता. मग त्याच्यापेक्षा चांगले हात आले. क्लबच्या भिंतीवर फोटो लागला होता. फोटो उतरवायचा कसा? इंटरनेटवर भेटलेल्या एकानं त्याचा माऊस कुरिअरनं मागवला आणि पैसे घेऊन आत चिप बसवून परत पाठवला. पहिले काही दिवस त्यानं ती फक्त अवघड नेमांसाठी वापरली. नंतर अवघड नेम कुठला, सोपा कुठला, हे कळेनासं झालं. चिप बंद करायचा खटका घरच्या संगणकावर होता; बंद करून बघितलं तर हात लहान पोरासारखा भरकटायचा. आणि जे सॉफ्टवेअर शत्रू शोधत होतं, तेच त्याच्या घरच्या संगणकात बसून सगळं वाचत होतं. बहिणीचे फोटो, वडिलांच्या मेल. विकणाऱ्यानं एकदा तिचा एक फोटो त्यालाच पाठवला, खाली हसणारा चेहरा टाकून. मग थांबायचा प्रश्नच राहिला नाही.

“अंतिम फेरीच्या सकाळी त्या चिपवाल्याचा मेसेज आला. आजची तपासणी नवी आहे, पकडेल, लावू नकोस. तोपर्यंत आम्ही दाराच्या आत होतो. मोबाइल गोळा करायला आलेच पंच. ट्रे टेबलावर. चार माऊस, पाचवा कुठून आणू? कुणाला तरी तो घ्यावाच लागणार होता.”

“म्हणून सम्यकला?” रत्नमालाबाईंचा आवाज अगदी सपाट होता.

“काकू, तो गोळ्या मारतच नाही ना! धूर सोडतो फक्त. मला वाटलं, त्याच्या हातात ते झोपून राहील. कुणाला कळणार नाही. त्याला पण नाही.” विश्वजितनं डोळे पुसले. “वाईट करायचं म्हणून नाही केलं. तो… तो तिथं होता.”

मंदार उठून गॅलरीत गेला.

“काय राव,” राजकुमार म्हणाला.

मला वाटलं, संपलं. रहस्यकथा इथं संपतात. चोर सापडतो, निरपराध सुटतो, चहा येतो.

७

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच बैठकीत व्हिडिओवर सुनावणी झाली. नियम समितीची प्रमुख सावनी नावाची तरुण बाई होती, पुण्याची, बोलायला स्वच्छ आणि ऐकायला त्याहून स्वच्छ. तिनं मधुसूदनचं सगळं म्हणणं मध्ये न बोलता ऐकलं. जप्त माऊस मागवून खाचेतली पूड कॅमेऱ्यासमोर धरली. विश्वजितला विचारलं, त्यानं घरच्यांचं न ऐकता सगळं पुन्हा सांगितलं.

“तर्क मान्य आहे,” सावनी म्हणाली. “माऊस सम्यकचा नव्हता.”

रत्नमालाबाईंनी पदर तोंडाला लावला.

“मात्र आता हा प्रकार एका सामन्याचा राहिला नाही. दीड वर्षातले या संघाचे सगळे विजय रद्द होतील. विश्वजितवर कायमची बंदी. आणि विजयांचा लाभ घेतला म्हणून मंदार आणि हिमानी यांची मानांकनं काढून घ्यावी लागतील. शिबिराला आम्ही तसं कळवू.”

हिमानी भिंतीला टेकून उभी होती. तिनं मधुसूदनकडं पाहिलं. रागानं पाहिलं असतं तर त्याला सोसलं असतं. ती चपला घालून निघून गेली, आणि जाताना, सवय असूनही, दाराची कडी पुसली नाही.

“सम्यकविषयी,” सावनी कागदाकडं न बघता म्हणाली, “एकच प्रश्न उरतो. उपकरण विचित्र वागलं तर खेळाडूनं हात वर करायचा, असा नियम आहे. सामना थांबतो. हात वर करणाऱ्याला कसलीच शिक्षा नाही. सम्यक, खेळताना तुला काही जाणवलं नव्हतं ना?”

प्रश्न असा होता की उत्तर तिनंच आत घालून दिलं होतं. पोरानं नुसती मान हलवायची होती. त्याची बंदी उठली असती. बंगळूरचा फोन आला असता. कॉलेजातले हात खिशात गेले असते.

सम्यक पडद्याकडं बघत राहिला.

माझ्या शेजारी मधुसूदन बसला होता. तीस वर्षं याच माणसानं पोरांच्या तोंडून खरं काढलं होतं. रडणाऱ्या, पाया पडणाऱ्या, बापाला घेऊन येणाऱ्या पोरांच्या तोंडून. त्याची बोटं खुर्चीच्या हातात रुतली होती आणि ओठ हलत होते. मी कान दिला.

“नाही म्हण,” तो पुटपुटत होता. “नाही म्हण, बाळा. नाही म्हण.”

“जाणवलं होतं,” सम्यक म्हणाला.

“कधी?”

“पहिल्याच गोळीला. मी धूर टाकायला हात वळवला आणि तो दुसरीकडंच गेला. कुणीतरी मनगट धरून नेल्यासारखा. मला कळलं, हा माझा हात नाही.”

“मग हात वर का नाही केलास?”

“करणार होतो, मॅडम. उचलला पण होता. तेवढ्यात लोक माझं नाव घ्यायला लागले. तीन वर्षांत कुणी घेतलं नव्हतं. मला वाटलं, अजून एक गोळी. मग करू वर.”

“सॉरी, सम्यक,” सावनी म्हणाली, आणि ते तिनं मनापासून म्हटलं, त्यानं काही फरक पडत नसला तरी. “जाणूनबुजून वापर, असं मला लिहावं लागेल. बंदी कायम राहील.”

पडदा काळा झाला. राजकुमारनं उगाच वायर काढली, परत लावली, परत काढली.

सम्यक उठला. मधुसूदनसमोर वाकला आणि जिना उतरून गेला. त्याच्या पावलांचा आवाज खाली फाटकापर्यंत ऐकू आला. रत्नमालाबाई पर्स सावरत दारात थांबल्या. दवाखान्याची वेळ झाली होती.

“सर, तुम्ही त्याला नाही म्हण म्हणालात.”

मधुसूदननं मान खाली घातली. “ऐकू गेलं तुम्हाला?”

“त्यालाही गेलं असणार,” बाई म्हणाल्या. “मी पण तेच म्हणत होते.”